करपलेल्या भाकरीचा वास

ज्वारीची भाकरी करपल्याचा वास आला, की मला महामारीतील तो विलगीकरणाचा काळ आठवतो. ताप उतरला होता, परंतु मला कशाचाही वास येत नव्हता, आणि घरी वृद्ध आई असल्यामुळे मी शेतातील पत्र्याच्या खोलीत एकटा राहत होतो. तहसील कचेरीसमोर अर्ज लिहिण्यात माझा हात धरणारा तालुक्यात कोणी नाही. तेव्हा भाकरीसारखी गोष्ट आपणास सहज जमेल, अशा विचाराने मी डबा नाकारून स्वतःच चूल पेटवली. पत्नी भाजी घेऊन आली आणि दूर बांधावर बसून म्हणाली, "अहो, पिठाला विनंती करून राह्यलात काय? जोर लावून मळा की!" मी ओबडधोबड भाकरी तव्यावर टाकली. तिच्या भावाला आजारानंतर अजूनही वास येत नव्हता, म्हणून हसता हसता तिने हळूच रोजचाच प्रश्न विचारला, "आला का हो वास?" "न्हाई," म्हणून मी तिची समजूत घालू लागलो, तोच काहीतरी कडवट, उष्ण नाकात शिरले. "करपली! भाकरी करपली!" मी आनंदाने ओरडलो. "मंग उलटा ना जल्दी!" ती बोलून गेली, आणि दुसऱ्याच क्षणी पदर डोळ्यांना लावून हसू लागली. ती काळी भाकरी मी कांद्यासोबत संपूर्ण खाल्ली. आजही रविवारच्या भाकरी मीच करतो. शेवटची थोडी करपते, आणि पत्नी चुलीजवळ बसलेली असूनही मला 'उलटा' म्हणत नाही.