कुरवंड्याचे शंकेखोर सर

“कशावरून?” सरांनी असं विचारलं की समोरचा आधी चिडायचा, मग गोंधळायचा. गवळ्याने “दूध आत्ताच काढलंय” म्हटलं तरी हेच. लोणावळ्यातल्या माझ्या छोट्या साप्ताहिकात ते विज्ञानावर सदर लिहीत. छापलेल्या स्वतःच्याच लेखावर पेन्सिल टेकवून पुटपुटत, “हे मी कशावरून लिहिलं?”

अशी माणसं तुम्हीही पाहिली असतील. त्यांच्याशी बोलताना आपणच काहीतरी लपवतोय असं वाटू लागतं.

चुंबकीय अनुस्पंदनाच्या, म्हणजे एमआरआयमागच्या विज्ञानाच्या, संशोधनात त्यांची सगळी उमेदीची वर्षं गेली. निवृत्तीनंतर ते कुरवंड्याला एकटेच राहायला आले, सोबत तांब्याच्या तारांची वेटोळी आणि एक जडशीळ चुंबक. मग गावालाच त्यांचा संशय आला. कुणी म्हणे जमिनीचे दलाल, कुणी म्हणे घरातून किरणं सोडतात. शेजारच्या मावशी त्यांच्या कुंपणाजवळ म्हैस बांधीनात. “दूद आटंल,” म्हणाल्या.

हे कळल्यावर सर चक्क खूश झाले. “त्यांनी का विश्वास ठेवावा? दाखवायला हवं.” मावशींना घरी बोलावून त्यांनी चुंबकाला खिळा चिकटवून दाखवला. मावशींनी तो ओढून पाहिला, पण चहाला हात लावला नाही.

पुढे मावशींची कंबर धरली, पाय बधिर होऊ लागला. डॉक्टरांनी एमआरआय सांगितला.

“त्या नळीत रगत उकळतं म्हनं. मी न्हाई जायची.”

सर समजवायला गेले. “उकळत नाही, मावशी. चुंबक अंगातल्या पाण्याला साद घालतो, पाणी ओ देतं. त्याचंच चित्र निघतं.”

“तुमी येनार संगं?”

“येतो.”

मी गाडी काढली. तपासणी केंद्रातल्या बाईंनी विचारलं, “अंगात काही धातू?”

“न्हाई,” मावशी म्हणाल्या.

“कशावरून?” सर मध्येच म्हणाले.

बाई वैतागल्या. “आजोबा, त्या स्वतःच सांगतायत ना!”

सरांनी खुर्ची मावशींजवळ ओढली. आधी काय काम करायचात? कधी काही लागलं होतं का?

“लगीन झालं तवा खाणीवर दगुड फोडायची. एकदा छिन्नीचा कपचा उडून डोळ्यात गेलता. डाक्टरनं पट्टी बांदली, झालं बरं.”

“कपचा काढला का?”

“काय म्हाईत!”

सर ताडकन उठले. त्यांनी तपासणी थांबवायला लावली. एक्स-रे काढला, तर डोळ्यात लोखंडाचा बारीक कण तसाच होता. चुंबकाने तो हलवला असता, तर डोळा गेला असता. कमरेची तपासणी मग दुसऱ्या पद्धतीने झाली.

परतताना सर म्हणाले, “लोकांची भीती जावी म्हणून इतकी वर्षं लिहिलं. आज मीच यांना आत पाठवत होतो.”

मागून मावशी म्हणाल्या, “पर पाठवलं न्हाई ना? चला, आता आमच्याकडं च्या घ्या.”

गेल्या वर्षी सर मुलीकडे बंगळुरूला गेले आणि तिथेच वारले. सांगायला कुरवंड्याला गेलो, तेव्हा भाताची लावणी चालली होती. मावशी बांधावर बसून सुनेला रोपांच्या जुड्या देत होत्या. ऐकून त्यांनी हातातली जुडी मांडीवर ठेवली.

“जवळ कोन व्हतं का?”

“मुलगी होती.”

“मंग बरं.”

खाचरातून सुनेने दोनदा रोपं मागितली. मावशींना ऐकूच आलं नाही.