लग्नाशिवाय धवला नाही

मोनालीला लहानपणापासून नको तिथे नाक खुपसायची सवय. नवीन पनवेलच्या त्यांच्या सोसायटीत कुणाकडे पाहुणा आला, तर तो कुठला आणि कशाला आला, ही खबर आधी तिला. मोठेपणी या चोंबडेपणाला तिने कॅमेरा जोडला आणि लोक तिला माहितीपट करणारी बाई म्हणू लागले. मीठ कसं पिकवतात, जाळी कशी विणतात, हे तिने गावोगावच्या म्हाताऱ्यांना बोलतं करून टिपून ठेवलं. अडलं ते एका ठमाबाईंपाशी.

ठमाबाई धवलारीण. आगऱ्यांच्या लग्नात देवांना आणि घरातल्या गेलेल्या माणसांना गाण्यातून आवतण देणारी बाई. ते गाणं म्हणजे धवला. हल्ली हळदीला डीजे लागतो, त्यामुळे ठमाबाईंना बोलावणं क्वचितच येतं, आणि सगळा धवला त्यांच्या एकटीच्या डोक्यात. तो त्यांच्याबरोबरच जाईल, या धास्तीने मोनालीचा जीव टांगणीला लागला होता.

पण बाई ऐकेनात. लग्न नसताना धवला म्हणायचा नाही, देवांना उगाच उठवायचं नाही. मग मोनालीने अक्कल पाजळली. शेजारच्या अनुष्काला नवरी म्हणून नटवलं, गच्चीवर मांडव घातला. ठमाबाईंनी पोरीला न्याहाळलं, नवरा कुठाय म्हणून विचारलं आणि आल्या पावली परत गेल्या.

मोनाली माफी मागायला गेली, तेव्हा चहा ओतता ओतता त्यांनी विचारलं, तुझ्या लग्नात कोण गायलं होतं? मोनाली म्हणाली, कुणीच नाही. तिचं आणि निकेशचं लग्न रजिस्टर झालेलं. सह्या केल्या, वडापाव खाल्ला आणि घरी आले. तिची आई, रंभा, त्याच्या थोडंच आधी गेली होती.

"मंग तुजं लगीन अजून अर्धं हाय, पोरी," ठमाबाई म्हणाल्या. "नवऱ्याला घेऊन ये. तुजा धवला मी म्हंते."

रविवारी निकेश नवा सदरा घालून, लाजत पाटावर बसला. मोनालीने कॅमेरा स्टँडवर लावून चालू केला आणि शेजारी बसली. धवला संपेपर्यंत पाटावरून उठायचं नाही, असं ठमाबाईंनी बजावलं आणि दोघांच्या हातांना हळद लावली. देवांची आवतणं झाली, गेलेल्या माणसांची पाळी आली, आणि नेमका कॅमेऱ्याचा लाल दिवा विझला. बॅटरी संपली होती. मोनालीने उठायला गुडघा उचललाही, इतक्यात ठमाबाईंनी रंभेला हाक मारली, पोरीला हळद लागतेय, ये म्हणून. मोनाली खाली बसली. आई येत असताना उठायचं कसं? हळदीच्या हातांनीच ती डोळे पुसत राहिली.

फिल्ममध्ये धवला अर्धाच आहे. उरलेला ती पुढे ठमाबाईंच्या मागे लग्नालग्नांतून, कॅमेरा घरी ठेवून शिकली. आता तिला सगळा पाठ आहे. परवा एक संशोधक आले आणि राहिलेला भाग तेवढा म्हणून दाखवा, म्हणाले.

मोनालीने विचारलं, "लग्न कुणाचं आहे?"