टीम आउटिंगला भरलेली ओटी

अमेरिकेतल्या हर्नडनच्या आमच्या कंपनीत एक नियम होता: नवरा-बायको एका प्रोजेक्टवर नकोत. आम्ही दोघं एकाच प्रोजेक्टवर, आणि ग्रीन कार्डाच्या रांगेत नावं एकत्र लागावीत म्हणून नुकतेच कोर्टात सह्या ठोकून आलेलो. पुण्यातलं खरं लग्न डिसेंबरात. तोवर तो त्याच्या रूममेट्सकडे, मी माझ्या. "अक्षता पडल्याशिवाय कसलं आलंय लग्न?" असं तो म्हणायचा. मलाही ते सोयीचंच होतं. प्रोजेक्ट मी पहिल्या दिवसापासून उभं केलेलं, जीव गेला तरी सोडायचं नव्हतं. म्हणून ऑफिसात आम्ही बिनलग्नाचे.

मॅनेजर हैदराबादचा, जुन्या सिनेमांचा वेडा. टीम आउटिंग म्हणून आम्हाला लायब्ररीत मूकपटाला घेऊन गेला. फुकट होता, हेही खरं. मोटारी नव्या नव्या निघाल्या तेव्हाची एक शोरूम, आणि मालकाचा फतवा: इथल्यांनी आपसांत लग्न करायचं नाही. सेल्समन आणि टायपिस्ट चोरून लग्न करतात. मालक आला की ती बिचारी विकायच्या मोटारीखाली शिरते. मॅनेजर पोट धरधरून हसत होता. मी नवऱ्यापासून दोन खुर्च्या लांब सरकले.

दिवे लागले आणि समोर महाराष्ट्र मंडळातल्या काकू! देवळातून थेट आलेल्या. "अगं, कोर्टात उरकलंत म्हणे! कळवायचं नाही होय गं?"

मराठीत बोलल्या म्हणून मी सुटले असं वाटलं. तेवढ्यात त्यांनी पर्समधून डबी काढून मला कुंकू लावलं, "ओढणी धर" म्हणाल्या आणि नारळ-तांदळानं तिथेच माझी ओटी भरली. मॅनेजरला मराठीचं अक्षर कळत नव्हतं. पण नारळ कळला. त्यानं माझ्याकडे पाहिलं, मग काकू ज्याच्या पाठीवर थाप मारत होत्या त्याच्याकडे.

सोमवारी दोघांना केबिनमध्ये बोलावणं. "वन ऑफ यू हॅज टू मूव्ह. कोण, ते तुम्हीच ठरवा."

मी तोंड उघडायच्या आत हा म्हणाला, "माय वाइफ विल मूव्ह. नो प्रॉब्लेम."

वाइफ! कोर्टानंतर हा शब्द त्याच्या तोंडून पहिल्यांदा ऐकला, तोही माझी खुर्ची देऊन टाकताना. अशी तिडीक गेली डोक्यात! मी मॅनेजरला सरळ सांगितलं, मी इथून हलणार नाही.

शेवटी हाच हलला, देशाच्या पार दुसऱ्या टोकाला, रेडमंडच्या प्रोजेक्टवर. लग्न ठरल्या मुहूर्तावर झालं. अंतरपाट दूर झाला, सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या, आणि नवरदेव अजून रुसलेलाच.