न्यार कळवा

“भावोजी असते तर एव्हाना दोनदा ‘न्याहारी कळवा’ झालं असतं,” उपमा ढवळता ढवळता आई म्हणाली. अप्पाकाकांना जाऊन महिना झाला होता, आणि त्यांच्या फोटोपुढे ठेवायला ती उपमा करत होती. दादा, म्हणजे माझे वडील, हसले आणि हसता हसता चष्मा काढून पुसू लागले. मी बशी धरून उभी होते...

अप्पाकाका दादांचे धाकटे भाऊ. तरुणपणीच बोटीने आफ्रिकेला गेले, किसुमूच्या रेल्वे गुदामात कारकुनी केली, आणि तो देश स्वतंत्र झाल्यावर डोंबिवलीला आमच्याकडे परतले ते एक ट्रंक, चावीचा फोनो आणि एकच तबकडी घेऊन. लग्न केलं नाही. रोज सकाळी दाढी करताना तबकडी लावायचे. गिटारीवर कुणीतरी परक्या भाषेत विनवत असायचा, आणि एका जागी काका त्याच्यावर आवाज चढवून गायचे, “न्यार कळवाऽ...” घरात ते सगळ्यांना ‘न्याहारी कळवा’ ऐकू यायचं. “कळवली, कळवली! घ्या,” म्हणत आई बशी पुढे करायची. काका दोन घास खायचे, उरलेलं माझ्या बशीत.

मी इंग्रजी शाळेतली, म्हणून घरात “मड्डम”. मला मराठी शब्द सापडेपर्यंत विषय पुढे गेलेला असायचा. एका दुपारी घरात आम्ही दोघंच असताना मी तबकडीवरची इंग्रजी अक्षरं वाचली. “काका, इथे न्यारच्या पुढे दुसराच शब्द आहे. कळवा नाहीये.”

ते बराच वेळ चावी फिरवत राहिले. “लुओ लोकांचं गाणं आहे, बेबी. न्यार म्हणजे लेक. ती दुसऱ्याच्या घरी गेलीय, आणि हा वाटेने जाणाऱ्यांना तिची खुशाली विचारतोय. तिचं नाव घेत नाही, गावाचं घेतो. अमक्या गावची लेक. अब्रूही जात नाही, आणि हाक तर मारता येते.” मग हळूच म्हणाले, “माझी कळव्याची, खाडीकाठच्या मिठागरावरची होती. आपल्या घरात चाललं नसतं. मी विचारलंच नाही... बोटीत बसलो.”

“मग आता सांगा ना सगळ्यांना.”

“हसू देत गं. ते हसतात तोवर मला रोज गाता येतं.”

वचन मी दिलं नव्हतं, तरी ते होते तोवर पाळलं. दुसऱ्या दिवसापासून सगळ्यांबरोबर हसलेसुद्धा. त्या वेळी काका माझ्याकडे बघायचं टाळत. कळवा काही लहान नाही. ती कुठल्या घरची, आता कुठे असते, मला ठाऊक नाही, म्हणून इथे लिहायला भीती वाटत नाही.

त्या सकाळी आईने बशी फोटोपुढे ठेवली. शेजारी फोनो होता. त्याच्या झाकणावर आता धुतलेल्या कपड्यांच्या घड्या असतात. “घ्या भावोजी, आज न मागता,” ती म्हणाली. उपम्याची वाफ फोटोच्या काचेवर चढली आणि काकांचा चेहरा दिसेनासा झाला. मी पदराने काच पुसली.

“आई, ते न्याहारी मागत नव्हते. हाक मारत होते.”