राक्षसाला आपण कुठून दिसतो

आबांच्या, म्हणजे माझ्या वडिलांच्या, मांडीचं हाड मोडलं ते केळीच्या बागेत, ओल्या बांधावरून पाय सरकून. उभा जन्म ज्या बांधावरून चालले, त्यानेच पाडलं, याचा त्यांना दुखण्यापेक्षा जास्त राग आला होता. माझ्या भावाने त्यांना सावद्याहून जळगावला आणलं, ऑपरेशन झालं, मांडीत रॉड बसवला आणि डॉक्टरांनी सांगितलं की दीड महिना पाय जमिनीला टेकवायचा नाही. भावाची केळीची काढणी ऐन भरात होती. आईला जाऊन चार वर्षं झाली होती. तेव्हा आबा माझ्याकडे राहायला आले.

मी जळगावातच एकटी राहते. पॅथॉलॉजी लॅबमध्ये नोकरी आहे. भल्या सकाळी जाते, दुपारी चारपर्यंत घरी येते. दोन खोल्यांचा फ्लॅट. आबांचा पलंग मी बाहेरच्या खोलीत लावला, कूलरच्या समोर, आणि पहिल्याच दिवशी माझ्या लक्षात आलं की आम्हा दोघांना एकमेकांशी बोलता येत नाही. भांडण नव्हतं, कधीच नव्हतं. पण आई असताना मी तिला सांगायचे, ती त्यांना सांगायची. त्यांचं उत्तरही तिच्याकडूनच यायचं. आता मधे कोणी नव्हतं. मी विचारायचे, "औषध घेतलं?" ते म्हणायचे, "घेतलं." मग कूलरचा आवाज ऐकत बसायचं.

माझं एक गुपित होतं. संध्याकाळी तासभर मी कॉम्प्युटरवर गेम खेळते. चौकोनी ठोकळ्यांचं जग असतं. त्यात माती खणायची, झाडं तोडायची, घर बांधायचं, गहू पेरायचा, आणि तिथला सूर्य मावळला की जे राक्षस बाहेर पडतात त्यांच्यापासून जीव वाचवायचा. तेहतीस वर्षांच्या बाईने हे खेळावं का, हा प्रश्न मला कुणी विचारू नये म्हणून मी कुणाला सांगितलं नव्हतं. पण टेबल बाहेरच्याच खोलीत होतं, आबांच्या पलंगाच्या पायथ्याशी. चार दिवस मी काही खेळले नाही. पाचव्या दिवशी राहवलं नाही. आबांना वाटलं, लॅबचं काम असेल. मी त्यांची समजूत तशीच राहू दिली.

दोन-तीन संध्याकाळी अशा गेल्या. मग एकदा मी गव्हाला पाणी देत असताना मागून आवाज आला, "डावीकडं पाह्य. झाडामागं कोनी तरी हाये."

मी वळले. हिरव्या तोंडाचं एक चालतं प्रेत झाडाच्या आडून माझ्याकडेच येत होतं. मला ते दिसलं नव्हतं. मी तलवार काढेपर्यंत त्याने दोन फटके दिलेही.

"हे लॅबचं काम नही," आबा म्हणाले.

"नाही आबा."

"मंग?"

मी सांगून टाकलं. ते हसतील किंवा गप्प होतील असं वाटलं होतं. त्यांनी उशी सरकवून पाठ वर घेतली आणि विचारलं, "त्याले तू दिसली कशी? तू तर पाठमोरी, वाकून काम करून राह्यली व्हती."

हा प्रश्न मला कधी पडलाच नव्हता. इतकी वर्षं खेळत होते. राक्षस आला की मारायचा किंवा पळायचं, एवढंच मला ठाऊक. आबांना मात्र ते कळल्याशिवाय पुढे जायचंच नव्हतं. रानडुकरं, निलगायी, कोल्हे यांच्याशी त्यांचा आयुष्यभर संबंध. जनावराला आपण कुठून दिसतो, कधी कळतो, हे माहीत नसलेला माणूस शेत राखूच कसा शकतो, असा त्यांचा सरळ हिशेब.

दुसऱ्या दिवसापासून आमचे प्रयोग सुरू झाले. एका मोकळ्या माळावर मी एक प्रेत गाठायचे आणि एकेक ठोकळा मागे सरकायचे. आबा पलंगावरून मोजायचे. ते कुठवर आपल्यामागे येतं आणि कुठे नाद सोडतं, हे त्यांनी औषधाच्या रिकाम्या खोक्यावर लिहून ठेवलं. हाडांचा सापळा असतो एक, तो बाण मारतो. त्याला लांबचं फारसं दिसत नाही असं निघालं. वाकून चाललं की सगळ्यांनाच आपण जरा उशिरा दिसतो. हे आबांना पटलं. "वाकावंच लागतं," ते म्हणाले.

काचेचं मात्र त्यांना अजिबात पटलं नाही. मी काचेची भिंत बांधून पलीकडे उभी राहिले, तर राक्षसाला मी दिसेचना. "काचेतून दिसत नही? आणि कोळ्याले भिंतीपलीकडचं मानूस कयतं?" मोठा काळा कोळी असतो त्या खेळात, त्याच्या आणि आपल्यामध्ये भिंत असली तरी त्याला आपला पत्ता असतो. आबा म्हणाले, "ज्यानं हे बनवलं त्यानं कोळी पाह्यला नसंन."

पण त्यांचं खरं भांडण झालं ते वाऱ्यावरून.

"वारं कोन्या बाजूचं हाये?" त्यांनी विचारलं.

"यात वारं नसतं आबा. वासाने त्यांना काही कळत नाही."

"वारंच नही?" त्यांनी पडद्याकडे बोट केलं. "मंग हे कसलं रान?"

त्या रात्री जेवताना ते पहिल्यांदा आपण होऊन बोलले. रानडुक्कर वाऱ्यावर माणूस कसा हेरतं, बागेत शिरताना कुठल्या बाजूने शिरावं, विडी का ओढू नये, असं कितीतरी. भाकरी ताटात वाळून गेली. मी मधे एकदा सांगितलं की खेळात राक्षसाचंच मुंडकं डोक्यावर घातलं तर तो आपल्याला लवकर ओळखत नाही. आबांना हसू आवरेना. "आम्ही उलटं करतो. मानसाचं मुंडकं बुजगावन्याले लावतो."

भावाचा रोज फोन यायचा. "आबा कंटाळले का गं?" मी म्हणायचे, "नाही, मोजमाप चाललंय." त्याला वाटायचं, डॉक्टर पाय मोजतात.

तिसऱ्या आठवड्यात मी आबांना त्या आंधळ्या राक्षसाबद्दल सांगितलं. तो खोल जमिनीखाली असतो, काळोख्या जुन्या अवशेषांमध्ये. त्याला डोळेच नाहीत. आपलं पाऊल पडलं, पेटी उघडली, काही आपटलं की जमिनीची जी थरथर होते त्यावरून तो येतो. जवळ आला की नाकाने हुंगतोसुद्धा. एका फटक्यात माणूस गार. मी तीनदा तिथे गेले होते आणि तीनदा मेले होते.

"हुंगतो?" आबांचा चेहरा खुलला. "हे खरं जनावर. चाल, याच्याकडं जाऊ."

आम्ही तयारी केली. पावलांचा आवाज दाबायला लोकर अंथरायची असते, ती मी जमवली. लांब फेकायला बर्फाचे गोळे घेतले. आबांनीच सांगितलं होतं, "डुकराले दुसरीकडं वयवायचं असलं तर त्याच्या अंगावर दगड नही मारायचा. बाजूले टाकायचा. ते तिकडं कान देतं." एका शनिवारी संध्याकाळी मी कॉम्प्युटर त्यांच्या पलंगाशी ओढून घेतला आणि आम्ही खाली उतरलो.

अर्धी वाट बरी गेली. मग कुठेतरी माझं पाऊल चुकलं, किंचाळल्यासारखा आवाज झाला आणि जमीन फोडून तो वर आला. मी वाकून राहण्याचं बटण दाबून धरलं. पडदा काळा-निळा होत होता. तो हुंगत हुंगत आमच्याकडे यायला लागला.

नेमकी दारावरची बेल वाजली.

एकदा वाजली, दोनदा वाजली. मी आबांचा हात धरून त्यांचं बोट त्या बटणावर ठेवलं. "हे सोडू नका. काही झालं तरी सोडू नका."

दारात खालच्या मजल्यावरच्या काकू होत्या. त्यांचं कापडाचं दुकान आहे, माणूस अतिशय प्रेमळ, आणि बोलायला लागल्या की मारवाडी, हिंदी, मराठी सगळं एकाच वाक्यात. स्टीलच्या डब्यात मुगाच्या डाळीचा शिरा आणला होता. "बाबूजींसाठी. तूप जास्त घातलंय, हड्डीला ताकद पाहिजे." मी डबा घेतला, आभार मानले, पण काकू आत आल्याच. पलंगाशी जाऊन म्हणाल्या, "कैसे हो बाबूजी? दर्द कमी आहे ना?"

आबांनी उत्तर दिलं नाही. नजर पडद्यावर, उजवा हात बटणावर. डाव्या हाताचं बोट त्यांनी सावकाश उचलून ओठांवर ठेवलं.

काकू दचकल्या. त्यांनी माझ्याकडे पाहिलं. मी हळूच म्हटलं, "प्राणायाम चाललाय." काकूंनी लगेच आवाज खाली आणला आणि स्वयंपाकघरात येऊन, त्यांच्या दिरालाही हाडाच्या दुखण्यात प्राणायामाने कसा गुण आला, ते सगळं कुजबुजत सांगितलं. दहा मिनिटं तरी गेली असतील.

त्या गेल्यावर मी धावत आले. आबा तसेच होते. बोट पांढरं पडलं होतं, कपाळावर घाम. पडद्यावर कोणीच नव्हतं.

"गेला," ते अगदी हळू म्हणाले. "दोनदा आला. एकदा तर तोंडाशी आला. म्या एक गोया टाकला पल्याड. तिकडं गेला मंग."

"तुम्ही गोळा फेकलात? बटण न सोडता?"

"डाव्या हातानं. तू माउस दाबती तसा."

खरं म्हणजे खेळ थांबवायचं एक साधं बटण असतं. ते दाबून मी दार उघडायला गेले असते तर काही झालंच नसतं. घाबरून माझ्या ते लक्षातच आलं नाही. मी आबांना हे आजही सांगितलेलं नाही.

मी दोन वाट्यांत शिरा वाढला. मी विचारलं, "इतका वेळ न हलता कसं जमलं तुम्हाला?"

त्यांनी चमचा ठेवला. "एकदा जमवलं व्हतं," म्हणाले, आणि सांगायला लागले.

केळीच्या बागेत सकाळी पाणी बघायला गेले असताना, दोन ओळींच्या मधे त्यांना बिबट्या दिसला होता. बसलेला. दहा-बारा पावलांवर. पळालं तर तो मागे येणार, ओरडलं तर काय करेल भरवसा नाही. आबा जागच्या जागी उभे राहिले. बिबट्या उठला, त्यांच्याकडे पाहिलं आणि बऱ्याच वेळाने नाल्याकडे निघून गेला.

"हे तुम्ही कधीच सांगितलं नाही."

"तुझ्या मायले समजलं असतं तर तुले पुन्हा बागेत येऊ दिलं नसतं." त्यांनी चमचा पुन्हा उचलला. "तू व्हती ना संगं. बोट धरून. चार वर्षांची असशीन."

मला बिबट्या आठवत नाही. मला आठवतं ते वेगळंच: आबा मला बागेत नेतात, एकाएकी थांबतात, आणि खाली न बघता हळूच म्हणतात, पाहू बरं, कोन आधी हलतं. मग आम्ही दोघं कितीतरी वेळ पुतळ्यासारखे उभे. माझ्या पायावर मुंगी चढलेली, तरी मी हलले नाही. शेवटी त्यांनी मला उचलून घेतलं आणि म्हणाले, तू जिंकली. आबा माझ्याशी खेळल्याची माझ्याजवळ ती एकच आठवण होती. ती मी जपून ठेवली होती, कुणाला न सांगता.

मी त्यांना हे सांगितलं. ते म्हणाले, "जिंकलीच व्हती तू. माझे पाय कापून राह्यले व्हते."

मी उठून स्वयंपाकघरात गेले आणि उगीच डबा घासत बसले. बाहेरून ते हाका मारत होते, की शिरा अजून आहे का.

दीड महिन्याचे दोन महिने झाले. वॉकर घेऊन ते आधी खोलीत, मग गॅलरीपर्यंत चालायला लागले. भाऊ गाडी घेऊन न्यायला आला तेव्हा आबांनी ते औषधाचं खोकं पिशवीत घातलं आणि मला म्हणाले, "त्या आंधयाकडे एकटी जाऊ नको."

पावसाळा संपल्यावर मी गावी गेले. आबा काठी घेऊन चालत होते. मी म्हटलं, बिबट्या दिसला ती जागा दाखवा. बागेत नवी लागवड होती, ओळींची दिशाही भावाने बदललेली. आबा एका ओळीत शिरले, थांबले, मान हलवली. "ही नही." दुसरीत शिरले. तिथेही त्यांना ओळख पटेना. नाला इकडे होता की तिकडे यावरून ते स्वतःशीच वाद घालत होते. मी म्हटलं, राहू द्या आबा. भावाने चहासाठी हाक मारली. ते म्हणाले, "थांब, पल्याडली असंन," आणि काठी टेकत पुढच्या ओळीत गेले. मीही त्यांच्या मागे गेले.