दाभोशाच्या डोहातली साय

फागीचा आवाज तिच्याआधी स्वयंपाकघरात पोचायचा. दाभोशाची ही बाई जव्हार संस्थानच्या पाहुण्यांच्या बंगल्यावर कोंबड्या साफ करायला होती, पण चालायची अशी, की बंगला जणू तिच्याच सासऱ्याने बांधलाय. कारभाऱ्यांनाही ती 'तू' म्हणायची. तिच्या तोंडी 'तुम्ही' कधी बसलंच नाही, आणि कुणी ते मनावर घेत नसे.

तिला हवी होती चूल. कोंबडी सोलायची तिने, कापायची तिने, आणि डाव मात्र भिका आचाऱ्याच्या हातात. भिका आपल्या चुलीजवळ कुणाला फिरकू देत नसे. "फागे, तू पिसं मोज," एवढंच म्हणायचा.

आदल्या हिवाळ्यात एक विलायती बाई पाहुणी आली होती. डब्यातल्या पोकळ शेवया, मॅकरोनी म्हणतात त्या, तिने बरोबर आणल्या आणि कृतीही समजावली. शेवया उकडायच्या, त्यात शिजलेली कोंबडी हाडांवरून सोडवून घालायची, वर मोहरी-मिरी लावलेली दाट साय, आणि सगळं गार वाढायचं. भिकाने सारं नीट केलं. फक्त पाहुण्यापुढे गार अन्न ठेवायला त्याचा हात धजेना. गार म्हणजे शिळं, असं त्याच्या मनाने घेतलं होतं. आयत्या वेळी त्याने पातेलं निखाऱ्यांवर चढवलं. साय फुटली, तूप वर आलं, मडमेने ताट बाजूला सारलं.

चैत्रात ती पुन्हा येणार आणि दाभोशाच्या धबधब्यावर वनभोजनाला तोच पदार्थ हवा, असा निरोप आला, तेव्हा भिकाने हात टेकले. बर्फ त्याने जन्मात पाहिला नव्हता. चैत्रातल्या दुपारी साय कशी दगा देते, हे कुठल्याही गृहिणीला सांगायला नको.

फागी म्हणाली, मी करीन. कारभारी हसले, पण दुसरं होतं कोण? भिकाने मात्र सगळ्यांदेखत अट घातली, की बिघडलं तर तिने बंगल्याची पायरी पुन्हा चढायची नाही.

"आणि जमलं तर?"

"तर तुझी पिसं मी उपटीन."

त्या दिवशी उजाडायच्या आत फागी डोहावर हजर. तिने घरून आपला तुंबा आणला होता, वाळक्या भोपळ्याचा. त्यातून ती शेतावर नागलीची आंबील न्यायची आणि दुपारपर्यंत ओहोळात बुडवून ठेवायची. आज त्यात साय भरली, तोंडाला पानं बांधली आणि दोरीने तुंबा कपारीतल्या सावलीच्या पाण्यात सोडला. शेवया काठावरच तीन दगडांच्या चुलीवर शिजल्या. वरचं दाट पाणी ओतून द्यायला तिचं मन होईना, ते तिने गाडीच्या बैलांना पाजलं. मग टोपलीतल्या शेवया वाहत्या पाण्यात धुतल्या, शिजलेली कोंबडी हाडांवरून सोडवली, काकडी बारीक चिरली. पण एकत्र काहीच केलं नाही.

भिका येऊन तुंब्याकडे बघत राहिला. आंबिलीचा तुंबा, साय आंबणार, असं पुटपुटला.

"थोडी आंबू दे की," फागी म्हणाली. "लिंबू वाचलं."

पाहुणे पानावर बसले, तेव्हाच तिने तुंबा ओढून काढला. साय चक्क्यासारखी दाट झाली होती, किंचित आंबट, हाताला गारेगार. मोहरी-मिरी फेसून, मीठ घालून तिने सगळं हलक्या हाताने कालवलं.

मडमेने एक घास घेतला आणि थांबली. भिकाने डोळे मिटले. उघडले, तेव्हा तिने सगळं भांडंच आपल्याकडे ओढून घेतलं होतं. पोटभर खाऊन झाल्यावर तिने विचारलं, हे केलं कुणी? कारभारी मागे वळायच्या आत फागी पुढे येऊन उभी होती.

"मी," ती म्हणाली. दुभाष्याची गरज पडली नाही.

दुसऱ्या दिवशी बंगल्यावर येताच ती सरळ चुलीपाशी गेली आणि लाकूड आत सारलं. त्या चुलीपुढेच ती पुढे म्हातारी झाली. त्या सकाळी टोपलीत एक कोंबडी पडून होती. भिकाने कोंबडीकडे बघितलं, चुलीकडे बघितलं, मग फागीच्या पाटावर बसला. अंमळशाने त्याच्या मिशीला पिसं चिकटली.

फागीने मागे न वळता सांगितलं, "पंखाखालची राहिली असतील, भिकादादा. मोजून घे."