तांदळातलं नाव

आमच्याकडे लग्न लागलं की नवरदेव तांदळाच्या ताटात अंगठीने नवरीचं नवं नाव लिहितो. सगळे कौतुकाने वाचतात, पेढे वाटले जातात आणि जन्मापासूनचं नाव तिथेच संपतं. माझंही संपलं. पुढे लग्नही संपलं आणि मी बॅग घेऊन सक्करदऱ्याला आईकडे परत आले. नवरा मागे राहिला, त्याने ठेवलेलं नाव मात्र सोबत आलं. कागदपत्रं मी बदलून घेतली, पण आईची जीभ काही बदलेना. सकाळी चहाला हाक मारायची ती त्याच नावाने, आणि माझ्या तळपायाची आग मस्तकात जायची.

मी परफॉर्मन्स करते. म्हणजे लोकांसमोर स्वतःच बसते आणि जे घडेल ते घडू देते. घरच्यांच्या मते हे नाटक, तेही डायलॉग नसलेलं.

म्हणून एकदा तांदळाचं ताटच मांडलं. आर्ट गॅलरीत मी गप्प बसणार, येणाऱ्याने मला ज्या नावाने ओळखतो ते तांदळात लिहायचं, मी ते पुसणार. खरं सांगायचं तर हा सगळा खटाटोप एकाच माणसासाठी होता. आईने एकदा तरी माझं पहिलं नाव लिहावं, एवढंच मला हवं होतं.

निमंत्रण म्हणून ताटाचा फोटो नातेवाइकांच्या ग्रुपवर टाकला. व्हायचं तेच झालं, आत्याला ते माझ्या दुसऱ्या लग्नाचं आमंत्रण वाटलं. ती नवी साडी आणि ओटीचं सामान घेऊन आली आणि दारातूनच ओरडली, "पोरगा कुठी हाय वं? काय करते?" बघे खूश झाले. त्यांना वाटलं, हीसुद्धा कलाच. मला मात्र धरणी दुभंगून पोटात घेईल तर बरं, असं झालं.

मग आई ताटापुढे बसली. बोटाने सावकाश लिहिलं. तेच, सासरचं. मी पुसलं. तिने पुन्हा तेच लिहिलं. मी पुन्हा पुसलं.

"काहून पुसून राहिली वं?" ती खाली वाकून कुजबुजली. "मी अजून मोहल्ल्यातल्या लोकाइले सांगतलं नाही. आरामाले आली म्हणते मी. जुनं नाव घेतलं तं समद्याइले समजन ना!"

इतके दिवस मी समजत होते, तिला सवय सुटत नाही. ती तर मला झाकून ठेवत होती. माझी लाज वाटत होती तिला, आणि ते तिने माझ्याच ताटापाशी बसून सांगितलं. मला बोलायची मुभा नव्हती. नियम माझाच होता.

लोकांनी टाळ्या वाजवल्या. गॅलरीवाले म्हणाले, आईंनी काय सुंदर साथ दिली! आईने ते तांदूळ पिशवीत भरले. अन्न आहे, टाकायचं कशाला?

दुसऱ्या दिवशी त्यांचाच भात झाला. वरणाला फोडणी बसली आणि स्वयंपाकघरातून हाक आली, त्याच नावाने. मला भूक लागली होती.

"आली," मी म्हटलं.